दर्या आणि दऱ्या

(रेडिओवरील भाषणाचा संपादित भाग)



वीसएक वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या तालुक्याच्या गावातल्या सार्वजनिक वाचनालयासाठी मी पुस्तकांच्या नोंदींचा एक छोटा प्रोग्रॅम लिहीत होतो. बोलता बोलता म्हणालो, ''बाई, या कामासाठी एक चांगली लायब्ररी मिळाली आहे.'' ग्रंथपाल बाईंनी चष्म्यावरून पाहिले. ''अहो, लायब्ररीत बसून आणखी कुठली लायब्ररी शोधताय?''

प्रश्न रास्त होता. संगणकाच्या जगात लायब्ररी म्हणजे कुणीतरी आधीच लिहून, तपासून ठेवलेल्या कामांचा संच. सुतार दार करतो, पण बिजागऱ्या आणि कडी-कोयंडा घडवत बसत नाही, दुकानातून आणतो. तसेच प्रोग्रॅम लिहिणारा पडद्यावरची खिडकी, बटण, यादी दरवेळी ठिपका ठिपका जोडून काढत नाही. तो लायब्ररीला सांगतो, ''इथे एक बटण दे.'' बटण काढायचे, त्यावर माऊसची टिचकी पडते का ते पाहायचे आणि पडली की प्रोग्रॅमला निरोप द्यायचा, ही सगळी कामे लायब्ररीची.

मला मिळालेल्या लायब्ररीचे नाव जीटीके. तिचा जन्म गरजेतून झाला. अमेरिकेत बर्कली येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात स्पेन्सर किम्बॉल आणि पीटर मॅटिस हे दोन विद्यार्थी १९९५ च्या सुमारास चित्रांवर काम करण्याचा 'गिम्प' नावाचा प्रोग्रॅम लिहीत होते. खिडक्या आणि बटणांसाठी त्यांनी आधी मोटिफ नावाचा संच वापरला. तो त्या काळी विकत घ्यावा लागे, आणि मॅटिस यांचे त्याच्याशी काही जमेना. तेव्हा त्यांनी स्वतःचाच संच लिहिला. गिम्प टूलकिट, म्हणजेच जीटीके. मुळात युनिक्स आणि लिनक्ससाठी लिहिलेला हा संच फिनलंडच्या टोर लिल्क्विस्ट यांनी विंडोजवरही चालता केला. पुढे तो मॅकवरही पोचला.

हा संच मुक्त आहे, ज्याला ओपन सोर्स म्हणतात तसा. तो कुणीही वापरावा, अगदी विकायच्या प्रोग्रॅममध्येसुद्धा. मुख्य अट अशी, की संचात सुधारणा करून तो इतरांना द्याल, तर ती सुधारणाही त्याच अटींवर खुली ठेवा.

आता आमच्या वाचनालयाकडे वळू. तिथे आधीची एक यादी संगणकावर होतीच. पण ती ज्या फाँटात केली होती, त्याची अक्षरजुळणी त्याच्यापुरतीच. 'क'च्या जागी आत इंग्रजीचे एखादे अक्षर साठवलेले, वर फक्त मराठी मुखवटा. संगणक बदलला, तो फाँट नव्या यंत्रावर चालेना, आणि दोन कपाटांतल्या पुस्तकांची यादी एका दुपारीत निरर्थक चिन्हांची रांग होऊन बसली. बाईंनी ती सगळी स्वतः टाईप केली होती. त्या रागावल्या नाहीत. नुसते म्हणाल्या, ''जुनी वही टाकली नाही, हे बरे झाले.'' ते वाक्य मला फार लागले.

यावरचा उपाय युनिकोड. त्यात प्रत्येक अक्षराला जगभर एकच क्रमांक असतो. पण मराठीचे भागते कुठे क्रमांकावर? 'कि' लिहिताना आधी 'क' साठवला जातो, मग वेलांटी. पडद्यावर मात्र वेलांटी आधी दिसायला हवी. 'अर्क' मध्ये 'र' आधी येतो, पण बसतो 'क'च्या डोक्यावर. ही मांडणी करणारा पँगो नावाचा भाग मार्च २००२ मध्ये आलेल्या जीटीके २.० बरोबर आला. ग्रीक भाषेत 'पॅन' म्हणजे सर्व आणि जपानीत 'गो' म्हणजे भाषा, त्यावरून हे नाव. वेगळी विनवणी न करता माझ्या चौकटीत मराठी जोडाक्षरे उमटली, तेव्हा मी बाईंना हाक मारूनच बोलावले.

त्यांनी शांतपणे यादी वाचली आणि एका ओळीवर बोट ठेवले. दऱ्याखोऱ्यांतल्या भटकंतीचे पुस्तक होते. पडद्यावर दिसत होते 'दर्याखोर्या'. ''दर्या म्हणजे समुद्र. दऱ्या डोंगरात असतात. तुमचा संगणक कुठे निघालाय?''

दोष आम्ही वापरत असलेल्या फाँटातला होता. त्याला मराठीचा आडवा रफार ठाऊक नव्हता. विकतची वस्तू असती तर आमच्या वाचनालयासाठी कोण धावले असते? हा फाँटही मुक्त होता. मी दोन्ही शब्द कागदावर लिहून त्याचे चित्र फाँट सांभाळणाऱ्यांना पाठवले आणि एकाचा अर्थ समुद्र, दुसऱ्याचा खोल दरी, असे कळवले. उत्तर देणाऱ्याला मराठी येत नव्हते. त्याने बारकाईने चार प्रश्न विचारले. काही महिन्यांनी नवी आवृत्ती आली, आणि दऱ्या डोंगरात परतल्या.

मुक्त म्हणजे बिनकष्टाचे, असे मात्र समजू नका. २०११ मध्ये जीटीके ३ आले, डिसेंबर २०२० मध्ये जीटीके ४. दरवेळी जुन्या गोष्टी बदलल्या आणि मला प्रोग्रॅमचे बरेच भाग पुन्हा लिहावे लागले. विंडोजवर त्याची बटणे थोडी परक्या वळणाची दिसतात, तेही खरे.

पण यादी मात्र पुन्हा टाईप करावी लागली नाही. आज पँगोसाठी अक्षरे जुळवण्याचे काम हार्फबझ नावाची आणखी एक मुक्त लायब्ररी करते. नाव फारसी वळणाचे. त्यातला 'हर्फ' म्हणजे अक्षर. तीच फायरफॉक्स आणि क्रोममध्ये आहे, अँड्रॉईड फोनमध्येही आहे. म्हणजे तुमच्या खिशातल्या फोनवर नातवाचा मराठी निरोप येतो, तेव्हा बहुधा हीच मंडळी पडद्याआड राबत असतात.

एकच विनंती करतो. पडद्यावर मराठी अक्षर मोडलेले दिसले, तर 'चालायचेच' म्हणून पुढे जाऊ नका. कळवा. दुरुस्त करणाऱ्याला मराठी येत नसेल, पण आपल्याला येते. बाई आता निवृत्त झाल्या आहेत. नवी यादी छापून त्यांच्याकडे नेली, तेव्हा त्यांनी पहिल्यांदा काय पाहिले असेल? तीच ओळ. मग चष्मा काढून म्हणाल्या, ''हं. आता वही टाकायला हरकत नाही.''

टाकली नाही, हे सांगायला नकोच.