फी माफीच्या पुढचा हक्क



मोशीतल्या बैठकीत दिव्यांगांच्या मासेमारीचा विषय कशाला, असं काहींना वाटेल. इंग्लंडमध्ये गळ टाकायलाही परवाना लागतो, आणि दिव्यांगांना तो कमी पैशांत मिळतो. तिथे मामला बहुतेक छंदाचा, आपल्याकडे पोटाचा. फी माफ झाली तरी होडी, जाळी, बर्फाची पेटी कुठून आणायची?

त्यासाठी 2020 पासून प्रधानमंत्री मत्स्य संपदा योजना आहे. तिच्यात सर्वसाधारण लाभार्थ्याला 40 टक्के, तर महिला आणि अनुसूचित जाती-जमातींना 60 टक्के अनुदान मिळतं. यात दिव्यांग कुठे? 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्याचं कलम 37 वाचा. गरिबी निर्मूलनाच्या आणि विकासाच्या योजनांत 5 टक्के आरक्षण, त्यातही दिव्यांग महिलांना प्राधान्य. अट एकच, दिव्यांगत्व किमान 40 टक्के असल्याचं प्रमाणपत्र.

म्हणून दोन कामं करा. मोहल्ल्यात ज्यांच्याकडे यूडीआयडी कार्ड नाही, त्यांचा अर्ज मोबाइलवर भरून द्या. आणि जिल्ह्याच्या मत्स्य कार्यालयात दहा रुपयांचा माहिती अधिकार अर्ज टाका: लाभार्थ्यांत दिव्यांग किती?

हजरत अब्दुल्ला इब्न उम्मे मक्तूम अंध होते. पैगंबरांनी (स.) त्यांच्यावर अजानची जबाबदारी सोपवली. आपण मात्र दिव्यांग भावाच्या हातावर खैरात ठेवून मोकळे होतो. त्याला काम हवंय, आणि कायदा त्याच्या बाजूने आहे.