राखेच्या टेकड्या

कृष्णा आणि तुंगभद्रा या नद्यांच्या मधल्या व आसपासच्या मुलुखात, म्हणजे रायचूर, यादगीर, बेल्लारी आणि महबूबनगर या भागांत, खडकाळ डोंगरांच्या पायथ्याशी काही चमत्कारिक उंचवटे आढळतात. दुरून पाहणाऱ्यास ती मातीची साधी टेकाडे वाटतात. काही जेमतेम कमरेइतकी, तर काही दोन-तीन पुरुष उंच. परंतु कुदळीचा एक घाव घातला की आतून निघते ती राख! कोठे ती पिठासारखी मऊ असते. कोठे वितळून घट्ट झालेली, भोके पडलेली आणि काचेसारखी तकतकीत ढेकळे हाती लागतात. अशी शंभराहून अधिक टेकाडे आजवर नोंदली गेली आहेत.

एवढी राख आली कोठून, हा प्रश्न तेथील लोकांना पडल्यावाचून कसा राहील? बेल्लारीकडे सांगत, की ही भीमाने मारलेल्या हिडिंबासुराच्या चितेची राख. हंपीचा परिसर म्हणजेच किष्किंधा अशी श्रद्धा असल्यामुळे जवळच्या निंबापूरचे टेकाड वालीच्या दहनाची जागा ठरले. या कथांना हसण्याचे कारण नाही. राख पाहून चिता आठवावी हे स्वाभाविकच आहे, आणि पुढे विद्वानांनीही फार निराळे केले असे नाही. विजयनगरच्या साम्राज्याचा इतिहास लिहिणारे रॉबर्ट स्यूएल यांना १८९९ मध्ये या राखेत विजयनगरकालीन सतींच्या चिता दिसल्या. दुसऱ्या काहींना वितळलेली ढेकळे पाहून धातू गाळण्याच्या भट्ट्या आठवल्या. ज्याच्या मनात जे होते ते त्याने टेकाडात पाहिले.

खरे उत्तर मात्र स्यूएल यांच्यापूर्वीच एकाने देऊन ठेवले होते. भूगर्भशास्त्रज्ञ रॉबर्ट ब्रूस फूट यांनी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात या टेकाडांजवळ घासून गुळगुळीत केलेल्या दगडी कुऱ्हाडी वेचल्या आणि सांगितले, की ही राख गुरांच्या शेणाची असून ती धातूचा वापर सुरू होण्यापूर्वीच्या, नवाश्मयुगातील माणसांची आहे. एवढ्या भव्य गूढाचे उत्तर शेण! ते सहजासहजी कोणाच्या गळी उतरले नाही. पुढे लंडनचे प्राध्यापक झॉयनर यांनी प्रयोगशाळेत तपासणी केली आणि फूट यांचे म्हणणे पक्के झाले. गवतात वाळूच्या जातीचा सिलिका हा पदार्थ असतो. गुराच्या पोटातून तो शेणात उतरतो आणि शेणाचा मोठा ढीग प्रखर आगीत जळाला, की राखेतील क्षारांच्या संगतीने वितळून त्याची काच बनते. उकिरड्याची दैना बारा वर्षांनी फिटते म्हणतात. या उकिरड्यांना चार हजार वर्षे थांबावे लागले.

१९५७ साली पुरातत्त्वज्ञ रेमंड ऑलचिन यांनी तेव्हाच्या महबूबनगर जिल्ह्यातील उत्नूर येथे उत्खनन केले. (आदिलाबादकडील त्याच नावाचे गाव ते हे नव्हे.) ताडाच्या खोडांचे ओंडके उभे रोवून केलेल्या कुंपणाच्या खुणा तेथे सापडल्या. ते कुंपण जळाले होते, पुन्हा उभारले होते आणि पुन्हा जळाले होते. आणि राखेच्या थरांत उमटले होते गुरांच्या खुरांचे ठसे. आग विझून गार झाल्यावर गुरे परत त्याच वाड्यात आणली गेली, त्यांचे पाय रुतले आणि वर नवे शेण साचून ते ठसे झाकले गेले. राजांच्या शिलालेखांनी दख्खनचा इतिहास भरलेला आहे. परंतु एखाद्या सकाळी वाड्यात शिरलेल्या गुरांची ही नोंद त्या सर्वांहून दोन हजार वर्षे जुनी आहे.

आता खरा पेच पुढेच आहे. हे शेण जाळले का? आपल्याकडील गृहिणी शेणाचा पो वाया जाऊ देत नाही; त्याच्या गोवऱ्या थापते, अंगण सारवते, उरलेले शेतात जाते. कुळीथ, मूग आणि बारीक भरडधान्ये पिकविणे या माणसांनाही ठाऊक होते. मग डोंगराएवढा साठा त्यांनी अग्नीच्या स्वाधीन का करावा? एखादी आग अपघाताने लागेल. परंतु शेकडो वर्षे, इतक्या ठिकाणी, थरावर थर अपघाताने रचले जात नाहीत. ऑलचिन यांनी आपल्या १९६३ च्या ग्रंथात होळी, दिवाळी आणि पोंगल यांच्या अग्नीकडे बोट दाखविले. दक्षिण कर्नाटकात संक्रांतीला सजविलेली गुरे आजही जाळावरून नेतात. चार हजार वर्षांचे अंतर एका उडीत ओलांडणे धाडसाचे खरे, तरी ही तुलना सहज झटकून टाकण्यासारखी नाही.

पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे प्राध्यापक के. पद्दय्या यांनी विसाव्या शतकाच्या अखेरीस सुरपूर भागातील बुदिहाळ येथे केलेल्या कामाने या चित्रात माणसे आली. टेकाडालगत वस्ती होती, घरे होती, लहान मुलांची दफने होती. शिवाय जनावरे कापण्याची एक मोठी जागा हाडे आणि दगडी पात्यांसह मिळाली. गोठा, सण आणि जेवणावळ ही एकाच वस्तीची अंगे होती. रोगराई टाळण्यासाठी शेण जाळले की श्रद्धेने, असा वाद पुष्कळदा घातला जातो; पण ज्यांचे सारे धन गुरे हेच होते, त्यांना हे दोन हेतू वेगळे वाटले असतील असे मानण्यास आधार दिसत नाही. वाढत जाणारे टेकाड लांबून दिसे, आणि हा मुलूख कोणाच्या खिल्लाराचा, हेही त्यावरून कळत असले पाहिजे.

ही टेकाडे मात्र हळूहळू झिजत चालली आहेत. काही रस्त्यांसाठी फोडली गेली, काहींच्या आसपास दगडांच्या खाणी सुरू झाल्या. पुष्कळ ठिकाणी शेतकऱ्यांनीच राख गाड्या भरभरून नेली आणि खत म्हणून रानात पसरली. पिकाला ती मानवते, असा त्यांचा अनुभव आहे.