थकलेल्या माणसाचे ताट
(शेतकरी मेळाव्यातील महिला सत्रात दिलेले भाषण)



गोठ्यातल्या बैलाचे दात झिजले म्हणजे आपण त्याच्यापुढे अख्खा कडबा टाकत नाही. कुट्टी करतो, पेंड भिजवून देतो, चार घास त्याच्या पोटात गेले की नाही ते पाहतो. घरातल्या म्हाताऱ्या माणसाचे दात पडले म्हणजे मात्र वरणाचे पाणी, मऊ भात आणि चहात बुडवलेली बिस्किटे यांवर भागवतो. वर म्हणतो, "आता त्यांना भूकच कुठे लागते?"

हे मी तुम्हाला शिकवायला म्हणून सांगत नाही. मी गृहविज्ञान शिकलेली बाई, गावोगावी आहारावर बोलत फिरते, आणि माझ्याच घरी ही चूक झाली. माझी आई बहात्तराव्या वर्षापर्यंत खुरपणीला जात होती. मी तिला नोकरीच्या गावी आणले आणि म्हटले, "पुष्कळ केलंस, आता बसून खा." ती बसली खरी, पण खाणे कमी झाले. दीड वर्षात पोटऱ्या बारीक झाल्या. जमिनीवरून उठताना भिंत धरू लागली. एके दिवशी न्हाणीघरात पडली आणि मनगट मोडले. प्लास्टर घालताना डॉक्टरांनी विचारले, "या दिवसभरात काय खातात, आणि काय करतात?" मला धड उत्तर देता आले नाही.

वय वाढते तसे स्नायू झडतात आणि साठीनंतर ही झीज वेगाने होते. पण ती भरून निघतच नाही, हे खरे नाही. अमेरिकेत बोस्टन येथे वृद्धांच्या संस्थेत मारिया फियातारोन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १०० अशक्त वृद्धांवर एक प्रयोग केला. त्यांचे सरासरी वय होते ८७. काहींना दहा आठवडे पायांचा वजनी व्यायाम दिला, काहींना पौष्टिक पेय दिले, काहींना दोन्ही दिले आणि काहींना यांतले काहीच दिले नाही. १९९४ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले. व्यायाम करणाऱ्यांच्या पायांची ताकद दुपटीहून अधिक झाली. नुसते पेय पिणाऱ्यांच्या अशक्तपणात फरक पडला नाही. तेव्हा औषधाच्या दुकानातून महागडा डबा आणून दिला की आपले कर्तव्य संपले, असे समजू नये. त्यापेक्षा त्या माणसाला उठवून चालवणे स्वस्तही आहे आणि उपयोगाचेही.

मग आहाराचे काय? स्नायू बांधायला कच्चा माल लागतो आणि तो म्हणजे प्रथिने. आपल्याकडे २०२० च्या शिफारशीप्रमाणे प्रौढ माणसाला वजनाच्या दर किलोमागे दररोज ०.८३ ग्रॅम प्रथिने हवीत. वृद्धांसाठी १ ते १.२ ग्रॅम असावीत, असे आंतरराष्ट्रीय तज्ज्ञांच्या एका गटाने २०१३ मध्ये सुचवले. म्हणजे ५० किलो वजनाच्या आजीला सुमारे ५० ग्रॅम. आता तिचे ताट पाहू. दोन वेळच्या मिळून दोन ज्वारीच्या भाकरी, त्यांतून १२ ग्रॅम. पातळ वरणातून चार. चहातल्या दुधातून तीन. वीसच्या आसपास हिशेब थांबतो. यात वाटीभर घट्ट मुगाची उसळ, पेलाभर दूध, मूठभर शेंगदाण्याचा कूट आणि एक अंडे घातले, की सुमारे २७ ग्रॅमची भर पडते. अंडे चालत नसेल तर वाटीभर पिठले घ्यावे. यातले बहुतेक आपल्याच शेतात आणि गोठ्यात आहे.

दात नसतील तर मोड आलेली मटकी मऊ शिजवून घोटावी, मुगाची धिरडी करावीत, भाकरी दुधात कुस्करावी. ताकातली नाचणीची आंबील तर उत्तम, त्यातून कॅल्शियमही मिळते. एकदम ताटभर वाढण्यापेक्षा दिवसातून चार-पाच वेळा थोडे थोडे द्यावे.

उपासाबद्दल बोलले तर पुष्कळ आज्या रागावतात. पण सोमवार, चतुर्थी, एकादशी असे महिन्यात किती दिवस होतात ते मोजा. साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट, त्यात प्रथिने नावालाच. उपास मोडा असे मी म्हणत नाही. त्या दिवशी दूध, ताक, राजगिरा आणि दाण्याची आमटी ताटात असू द्या. आणि सुनांनो, सासूबाई सगळ्यांच्या मागून उरलेले खात असतील, तर आधी ती पद्धत बदला. तुमचीही बदला.

पाण्याचेही तसेच. वय झाल्यावर तहान नीट कळत नाही, हे १९८४ च्या एका अभ्यासात दिसले. दिवसभर पाण्याविना ठेवल्यावरही वृद्धांना तरुणांइतकी तहान लागली नाही. त्यातून रात्री उठावे लागेल म्हणून म्हातारी माणसे पाणी टाळतात. तेव्हा मागण्याची वाट न पाहता दिवसा तांब्या भरून जवळ ठेवावा. चैत्र-वैशाखात तर विसरूच नये.

घरी करता येईल अशी एक परीक्षा सांगते. भिंतीला टेकवलेल्या, न हलणाऱ्या खुर्चीवर बसवावे, हात छातीशी घ्यायला सांगावे आणि पाच वेळा उठून बसायला लावावे. शेजारी कोणीतरी उभे राहावे. १२ सेकंदांहून जास्त वेळ लागला तर स्नायू कमी झाल्याची शंका घ्यावी, असे आशियाई तज्ज्ञांच्या गटाने २०१९ मध्ये ठरवले. हीच परीक्षा पुढे रोजचा व्यायाम होते. सुरुवातीला हाताचा आधार घेतला तरी चालेल.

मूत्रपिंडाचा विकार असेल तर प्रथिने वाढवण्यापूर्वी, आणि हृदयविकारात पाणी वाढवण्यापूर्वी, डॉक्टरांना विचारलेच पाहिजे. मधुमेहाच्या गोळ्या घेणाऱ्याने जेवण टाळू नये. वजन आपोआप उतरत असेल किंवा घास घशात अडकत असेल तर घरगुती उपायांत वेळ घालवू नये. शाकाहारी वृद्धांच्या हातापायांना मुंग्या येत असतील तर बी-१२ जीवनसत्त्व तपासून घ्यावे.

माझ्या आईने व्यायाम या शब्दालाच नकार दिला होता. मग परसातली वांगी आणि कढीपत्ता तिच्याकडे सोपवला. आता ती दिवसातून दहा वेळा उठते आणि वांग्यांवरून माझ्याशी भांडतेही.

मंडपाच्या डाव्या बाजूला खुर्ची आणि वजनकाटा ठेवला आहे. ज्यांनी घरच्या वडीलधाऱ्यांना बरोबर आणले आहे, त्यांनी जेवणापूर्वी तिकडे यावे.