उत्तर आलेलं पत्र

‘सेव्हन सामुराई’ हा जपानी चित्रपट तुमच्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. लक्षात राहतं ते दिग्दर्शक कुरोसावांचं नाव. आज मी बोलणार आहे तो लिहिणाऱ्यांपैकी एकाविषयी, शिनोबू हाशिमोतो यांच्याविषयी.

हाशिमोतोंचा जन्म १९१८चा. विशीत सैन्यात भरती झाले आणि लढाईआधीच क्षयानं गाठलं. चार वर्षं आरोग्यधामात गेली. तिथं एका रुग्णानं त्यांना सिनेमाचं मासिक वाचायला दिलं. त्यातली पटकथा वाचून त्यांना वाटलं, एवढंच असतं होय? हे तर मलाही जमेल! मग आरोग्यधामातल्या सैनिकांवरच पटकथा लिहून त्यांनी ती मान्साकू इतामी या नामवंत पटकथाकार-दिग्दर्शकाला टपालानं पाठवली. इतामी स्वतः क्षयानं अंथरुणाला खिळलेले. तरी त्यांनी उत्तर दिलं, काय चुकलं ते सविस्तर कळवलं.

इतामी १९४६ मध्ये गेले. शिष्य कंपनीतली नोकरी सांभाळून लिहीत राहिला. अकुतागावांच्या कथेवरची त्याची संहिता कुरोसावांकडे पोचली. ती लांबीला कमी पडत होती. तिच्यात भर घालून १९५० मध्ये ‘राशोमोन’ झाला, आणि पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात तो पहिला आला.

१९५२च्या ‘इकिरू’मधला कारकुनी आयुष्य काढलेला म्हातारा कर्करोग झाल्यावर प्रथमच जगायला लागतो. तो लिहिणाऱ्यांतला एक जण स्वतः खाटेवर दिवस मोजत पडला होता, हे कळल्यावर मी तो चित्रपट पुन्हा पाहिला. १९५४च्या ‘सेव्हन सामुराई’साठी कुरोसावा, हाशिमोतो आणि हिदेओ ओगुनी एका टेबलाशी बसत. एकच प्रसंग दोघं लिहीत, ओगुनी निवाडा करत. पुढे ‘हाराकिरी’सारखे चित्रपटही हाशिमोतोंनी लिहिले.

आमच्या गझलेच्या परंपरेत याला इस्लाह म्हणतात. शागिर्दानं गझल पाठवायची, उस्तादानं दुरुस्त करून परत करायची. गालिबही हे काम टपालानं करत.

हाशिमोतो शंभरी गाठून २०१८ मध्ये गेले. ती बातमी वाचली तेव्हा मला माझ्या टेबलाचा खण आठवला. नव्या मुलांनी पाठवलेल्या कविता त्यात पडून आहेत. वेळ नाही, तब्येत बरी नाही, ही माझी कारणं. इतामींकडे माझ्याहून मोठं कारण होतं.

त्यातली तीन पत्रं मी गेल्या आठवड्यात बाहेर काढली. दोघांना उत्तर गेलं. तिसऱ्या पाकिटावरचा पत्ता पुसट झालाय.