दिसले आणि समजले



आपल्या कोकणातील कितीतरी घरांतली माणसे पिढ्यान्‌पिढ्या जहाजावर नोकरी करीत आली. भर समुद्रात जहाजे एकमेकांशी बावट्यांनी बोलतात, हे त्यांना ठाऊक आहे. या संकेतांचे पुस्तक १८५७ साली ब्रिटनमध्ये निघाले व पुढे ते सर्व राष्ट्रांचे झाले. ‘ओ’चा बावटा म्हणजे माणूस पाण्यात पडला, ‘डब्ल्यू’चा म्हणजे वैद्यकीय मदत हवी. खलाशी कोणत्याही भाषेचा असो, अर्थ एकच.

यातला एक नियम फार मोलाचा आहे. समोरचा संकेत दिसला की उत्तराचा बावटा अर्ध्यावर चढवायचा. अर्थ समजल्यावरच तो टोकापर्यंत न्यायचा.

एप्रिल १९१२ मध्ये बुडत्या ‘टायटॅनिक’चे अग्निबाण ‘कॅलिफोर्नियन’ जहाजावरून दिसले. पण त्यांचा अर्थ ओळखला गेला नाही, झोपलेल्या तारायंत्रचालकाला वेळीच उठवले नाही. त्या रात्री सुमारे १५०० माणसे मृत्युमुखी पडली.

विद्यार्थी मित्रांनो, धडा नुसता कानावर पडला तर बावटा अर्ध्यावरच आहे. समजले नसेल तर निःसंकोच विचारा. पालकहो, ‘पाठ झाले का?’ याबरोबर ‘समजले का?’ हेही मुलांना विचारीत जा.