न कळणाऱ्या अक्षरांचा बोलपट

अहिल्यानगर जिल्ह्यांतील, म्हणजे पूर्वीच्या अहमदनगर जिल्ह्यांतील, एखाद्या घरीं दिवेलागणीनंतर कोणी रसिक ‘सोलारिस’ हा रशियन बोलपट पाहावयास बसला आहे, अशी श्रोत्यांनीं कल्पना करावी. असले चित्रपट पाहावयाचे तर पूर्वीं पुणें-मुंबई गांठावी लागे. आतां ते घरबसल्या दिसतात. मात्र हातीं आलेली प्रत कोणत्या देशाच्या प्रेक्षकांसाठीं सिद्ध झालेली असेल, याचा नेम नसतो. या रसिकाच्या वांट्यास आलेल्या प्रतींत पात्रें रशियन बोलतात, आणि पडद्याच्या तळाशीं त्या बोलण्याचा अनुवाद उमटतो तो व्हिएतनामी भाषेंत!

अक्षरें रोमन असल्यामुळें प्रथम थोडी आशा वाटते. पण स्वरांवर कोठें टोपी, कोठें शेंडी, कोठें खालीं टिंब. त्या भाषेंत उच्चाराचा चढउतार बदलला कीं शब्दाचा अर्थच बदलतो. यांतील कांहीं चिन्हें तो चढउतार दाखविण्यासाठीं, तर कांहीं स्वराचा भेद दाखविण्यासाठीं. सतराव्या शतकांत जेझुइट मिशनऱ्यांनीं ही लिपी घडविली व तिच्यांतील मोठा कोश १६५१ सालीं रोम येथें छापला गेला. मराठी माणसास यांत नवल वाटूं नये. त्याच पंथाच्या फादर स्टीफन्स यांचें मराठी ‘क्रिस्तपुराण’ १६१६ सालीं गोव्यांत रायतूर येथें छापलें गेलें, तेंही रोमन अक्षरांतच. व्हिएतनामनें ती लिपी ठेविली. मराठीनें ठेविली नाहीं, इतकाच भेद.

‘सोलारिस’ची कथा स्तानिस्वाव लेम या पोलिश लेखकाच्या १९६१ च्या कादंबरीवरून घेतलेली आहे, चित्रपट आन्द्रेई तार्कोव्हस्की यानें १९७२ सालीं पुरा केला. एका दूरच्या ग्रहावर महासागर आहे आणि तो महासागरच सजीव, कदाचित् सज्ञान आहे. त्याच्या अभ्यासासाठीं अंतराळांत उभारलेल्या स्थानकांत क्रिस केल्विन हा मानसशास्त्रज्ञ जातो, तों त्याची कैक वर्षांपूर्वीं मेलेली पत्नी हारी त्याच्या उशाशीं येऊन बसते. महासागरानें ती केल्विनच्या स्मृतींतून घडविलेली असते.

यांतील पुष्कळ भाग अक्षरांवांचून कळतो. आरंभींचे ओढ्याच्या पाण्यांत हेलावणारें शेवाळ, चहाच्या पेल्यांत पडणारा पाऊस, भविष्यकाळचें शहर म्हणून दाखविलेले टोकियोचे रस्ते, यांना भाषा लागत नाहीं. स्थानकांतले लोक रात्रीं वायुमार्गाच्या तोंडाशीं कागदाच्या चिंधोट्या बांधतात. कारण ती सळसळ पानांसारखी वाटते. पृथ्वीसाठीं झुरणें याहून स्पष्ट कोणत्या शब्दांनीं सांगावें? हारी द्रवरूप प्राणवायु पिऊन मरते आणि आचके देत पुन्हां जिवंत होते, तेव्हां तर शब्द नकोसेच वाटतात.

आणखी एक गंमत अशी कीं, चित्रपटांतील शास्त्रज्ञही या रसिकाच्याच अवस्थेंत आहेत. समोरचा महासागर कांहीं सांगत आहे, परंतु तें कोणास वाचतां येत नाहीं. हा योगायोग मोहक खरा. पण त्यावर भाळणें बरें नव्हे. कारण स्थानकाच्या ग्रंथालयांतील प्रसंग येतो आणि रसिकाचा मार्ग खुंटतो. स्नाउत हा वृद्ध शास्त्रज्ञ फाटक्या बाहीनें, उशीरां येतो आणि म्हणतो कीं, मनुष्याला दुसरीं विश्वें नकोच आहेत. त्याला हवा आहे तो आरसा. सार्टोरियस हारीला तोंडावर नुसती प्रतिकृति ठरवितो. ती उत्तर देते कीं, आपण माणूस होत आहों. सगळा वाद शब्दांत आहे. तो निसटला तर उरते ती एका मृत पत्नीच्या भुताची करुण गोष्ट. महासागरापेक्षां घर आणि अपराधाची बोच यांसच दिग्दर्शकानें महत्त्व दिलें, म्हणून लेम रुष्ट होता. त्याची तक्रार खरी कीं खोटी, हें ठरविण्याचा अधिकारही त्या रसिकास राहत नाहीं.

‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ सालीं मुका होता, तरी प्रेक्षकांचें अडलें नाहीं. ‘प्रभात’च्या १९४० च्या ‘संत ज्ञानेश्वर’मध्यें नगरचे शाहू मोडक भिंतीवर बसून निघाले, तेव्हां भिंत कां चालते हें कोणास सांगावें लागलें नाहीं, कथा आधींच कीर्तनांतून घरोघर पोंचली होती. केल्विनची कथा कोणत्याही कीर्तनांत नाहीं.

याच जिल्ह्यांत, नेवासें येथें, शके १२१२ मध्यें म्हणजे १२९० सालीं गीतेचा अर्थ मराठींत सांगितला गेला. सातशें श्लोकांसाठीं सुमारें नऊ हजार ओव्या लागल्या. पडद्याच्या तळाशीं अनुवाद लिहिणाराला एवढी ऐसपैस जागा कोठून मिळावी? दोन ओळी आणि चारपांच क्षण! व्हिएतनामांत कित्येकदां एकच निवेदक सर्व पात्रांचे संवाद वाचून दाखवितो. त्यालाही पात्राच्या तोंडाबरोबर धांवावें लागतेंच. परग्रहावरील जीवाशीं जुळणाऱ्या संबंधाला ‘सोलारिस’मध्यें जो शब्द वारंवार येतो, त्याला मराठींत ‘संपर्क’ म्हणावें तर कचेरीचा वास येतो. ‘भेट’ म्हणावें तर फार जिव्हाळ्याचें होतें. आणि ‘संवाद’ म्हणावें, तर तो झाला आहे कीं नाहीं हाच मुळीं चित्रपटाचा प्रश्न आहे. व्हिएतनामी अनुवादकानें यांतून कोणती तरी वाट काढली असेलच. रसिक ग्रंथालयाचें दृश्य पुन्हां मागें नेतो. स्नाउत पुन्हां फाटक्या बाहीनें आंत येतो, आणि त्याच्या बोलण्याखालीं टोप्या-शेंड्यांचीं तींच अक्षरें उमटूं लागतात.