सुट्टी कुणाची, पगार कुणाला?

भिंतीवरच्या कॅलेंडरात तांबडी तारीख दिसली की सुट्टी पक्की, असं आपण धरून चालतो. पण शासन दरवर्षी जी 'सार्वजनिक सुट्टी' जाहीर करतं, ती १८८१ च्या परक्राम्य संलेख अधिनियमाखाली. हा कायदा मुळात धनादेश आणि हुंड्यांचा. त्या यादीने बँका आणि सरकारी कार्यालयं बंद राहतात. कापडाच्या दुकानात उभ्या असलेल्या सेल्समनला मात्र तिच्यामुळे आपोआप काहीच मिळत नाही.

त्याचा आधार वेगळा आहे. महाराष्ट्राचा दुकाने व आस्थापना कायदा, २०१७ चा. वीस किंवा अधिक कामगार असलेल्या आस्थापनेत वर्षाला आठ भरपगारी सणाच्या सुट्ट्या द्याव्याच लागतात. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबर या चार ठरलेल्या. उरलेल्या चार मालक आणि कामगारांनी वर्ष सुरू होण्याआधी मिळून ठरवायच्या. म्हणजे गणेश चतुर्थी किंवा ईद या चारांत आली, तरच तो हक्क!

महाराष्ट्र दिनी दुकान उघडं ठेवून कामाला बोलावलं, तर त्या दिवसाचा दुप्पट पगार आणि शिवाय बदली रजा, दोन्ही द्यावं लागतं. अनेक ठिकाणी नुसती बदली रजा देऊन बोळवण होते. हे चूक आहे.

मतदानाच्या दिवसाची भरपगारी सुट्टी तर रोजंदारीवरच्या मतदारालाही आहे.

तेव्हा कामगार बंधूभगिनींनो, डिसेंबरातच त्या चार सुट्ट्या मालकाशी बोलून ठरवा आणि लेखी घ्या.